कळलावी : फुलाचे नाव की बाईला शिवी?
(बी. ए. द्वितीय वर्ष)

फुलाझाडांच्या नावांवरून माणसांना नावे ठेवण्याची रीत आपल्या मराठीत जुनीच आहे. ज्याचा उत्साह टिकत नाही त्याला आपण 'तेरड्याचा रंग तीन दिवस' म्हणून मोकळे होतो. चारचौघांत न बोलणारी मुलगी म्हणजे लाजाळूचे झाड. ओढ्याकाठी कितीही तोडले तरी पुन्हा फुटणाऱ्या झुडपाचे नावच मुळी बेशरम. अशा नावांत थोडी थट्टा असते, थोडे निरीक्षण असते आणि कुणाचे फारसे बिघडत नाही. परंतु एक रानफूल असे आहे की, त्याचे नाव आमच्या गावात फुलासाठी जितके वापरले जात नाही, तितके बायकांसाठी वापरले जाते. ते फूल म्हणजे कळलावी.

आमचे नारायणगड म्हणजे नगद नारायण महाराजांचा गड. भाविक लोक त्याला धाकटी पंढरी म्हणतात. एकादशीला दर्शनासाठी गड चढणाऱ्या माणसांची नजर कळसाकडे असते, त्यामुळे वाटेवरच्या काट्याकुट्यांकडे सहसा कुणी पाहत नाही. पण श्रावण-भाद्रपदात उताराकडे आणि बांधावरच्या बोरीबाभळीच्या जाळीकडे जरा निरखून पाहिले, तर हिरव्या पसाऱ्यात एकदम जाळ पेटल्यासारखे काहीतरी दिसते. तीच कळलावी. हिला सहा पाकळ्या असतात आणि त्या खाली न झुकता मागे, वर वळलेल्या असतात. कडा नागमोडी असतात. फूल उमलते तेव्हा हिरवट, मग बुडाशी पिवळे व टोकाशी लाल, आणि शेवटी सगळेच लालभडक होते. आधार धरण्यासाठी या वेलीला वेगळे तंतू नसतात. पानाचेच टोक वेटोळे होऊन शेजारच्या काडीला धरते. हिवाळ्यात वरचा वेल वाळून जातो. पण जमिनीत कंद जिवंत राहतो व पुढच्या पावसाला पुन्हा कोंब धरतो.

हे वर्णन मी आता शुद्ध मराठीत लिहीत असले तरी ही ओळख मला पुस्तकाने करून दिलेली नाही. माझे आईवडील दरसाल दिवाळीच्या सुमारास कोयता घेऊन ऊसतोडीला जातात. त्यामुळे मी आजीजवळ वाढले. आमच्या घरातून कॉलेजची पायरी चढलेली मी पहिलीच. आजीला अक्षर ओळखता येत नाही, पण बांधावरचे एकही झाड तिच्या ओळखीचे नाही असे होत नाही. ती एकेकाळी वस्तीवरची सुईण होती. आता १०८ ची गाडी येते आणि बाळंतपणे दवाखान्यात होतात, म्हणून तिचे काम संपले. ते संपले हे बरे झाले असे तीच म्हणते. तिच्या हातून वाचलेल्या बायका तिला आठवतात, तशा न वाचलेल्याही आठवतात. या आजीने लहानपणी मला दोन गोष्टी बजावून सांगितल्या होत्या. पहिली, ते लाल फूल घरात आणायचे नाही, घरात भांडण लागते. दुसरी, त्याच्या मुळीला हात लावायचा नाही, ती अडलेल्या बाईची असते.

कॉलेजात आल्यावर भाषेचा अभ्यास सुरू झाला, तेव्हा माझ्या ध्यानात आले की आजीच्या या दोन वाक्यांत एकाच नावाचे दोन वेगळे अर्थ होते. सगळा घोळ 'कळ' या दोन अक्षरांत आहे. मराठीत 'कळ' म्हणजे वेदनेची सणक. पोटात कळ येते, छातीत कळ येते, बाळंतपणाच्या कळा येतात. 'कळ' म्हणजे भांडणही. कळ लावणे, कळलाव्या, कळीचा नारद हे शब्द त्यातूनच आले. संस्कृतात 'कलि' म्हणजे भांडण. शिवाय 'कळ' म्हणजे यंत्राची किल्ली किंवा चाप. कळ दाबली की दिवा लागतो. 'कळीचा मुद्दा' म्हणतो तो या तिसऱ्या कळीमुळे, आणि 'कळीचा नारद' म्हणतो तो दुसऱ्या कळीमुळे. एवढ्यावर भागत नाही. 'कळ काढणे' याचेही दोन अर्थ होतात. "थोडी कळ काढ" म्हणजे धीर धर, सोस. "त्यानेच आधी माझी कळ काढली" म्हणजे खोडी काढली. सोसणे आणि खोडी काढणे या दोन टोकाच्या गोष्टी आपण एकाच शब्दप्रयोगाने सांगतो, हे मोठे नवल नव्हे काय?

'लावणे' हे क्रियापदही असेच. नाद लावतात, वेड लावतात, आग लावतात, रोप लावतात, मलम लावतात. तेव्हा 'कळलावी' म्हणजे कळ लावणारी, इथपर्यंत कुणाचा वाद नाही. वाद आहे तो कोणती कळ, याचा. बाळंतिणीच्या कळा सुरू करणारी मुळी म्हणून कळलावी, की घरात भांडण लावणारे फूल म्हणून कळलावी?

माझ्या काही मैत्रिणींनी लगेच निकाल दिला की, पहिला अर्थ खरा आणि दुसरा मागाहून चिकटवलेला. मलाही हा निकाल आवडला असता, कारण तो सोयीचा आहे. पण संस्कृतातली या वनस्पतीची नावे पाहिली तर तसे म्हणता येत नाही. तिथे तिला 'कलिहारी' व 'कलिकारी' अशी नावे आहेत. कलिकारी म्हणजे सरळ सरळ भांडण करणारी. त्याच वेळी भावमिश्राच्या 'भावप्रकाशा'त तिचे एक नाव 'गर्भनुत्' असे आहे, म्हणजे गर्भाला बाहेर ढकलणारी. 'विशल्या' हे दुसरे नाव, म्हणजे शरीरात अडकलेले शल्य काढून टाकणारी. सुश्रुतसंहितेच्या शारीरस्थानात बाळंतपणानंतर वार पडली नाही तर लांगलीच्या मुळाचा लेप तळहातांना व तळपायांना लावावा असे सांगितले आहे. लांगली म्हणजे हीच वनस्पती. थोडक्यात, दोन्ही अर्थ जुनेच आहेत आणि ते शेजारीशेजारी नांदत आले आहेत. आजीची दोन वाक्ये तिच्या मनची नव्हती. ती फार लांबून चालत आलेली होती.

'लांगली' या नावाविषयी दोन शब्द लिहिल्यावाचून राहवत नाही. लांगल म्हणजे नांगर. आपला 'नांगर' हा शब्दही त्यातूनच आला. या वेलीचा कंद खणून पाहिला तर तो दोन बाजूंना फाकलेला, नांगरासारखा वाकडा असतो. 'हलिनी' या नावातही हल म्हणजे नांगरच आहे. म्हणजे नांगर धरणाऱ्याने कंद पाहिला आणि नांगराचे नाव दिले. बाळंतपण करणाऱ्या बाईने मुळी हाताळली आणि कळांचे नाव दिले. घर सांभाळणाऱ्या माणसाने फुलाची भीती घेतली आणि भांडणाचे नाव दिले. झाड तेच, पाहणारे वेगळे. नाव हे झाडापेक्षा पाहणाऱ्याविषयी अधिक सांगते, असे माझ्या अल्पमतीला वाटते.

याची साक्ष शेजारच्या भाषांतही मिळते. तमिळ लोक या फुलाला 'कांदळ' म्हणतात. प्राचीन संगम काळातील कवींनी स्त्रियांच्या बोटांना या फुलाच्या पाकळ्यांची उपमा दिली आहे. कपिलर या कवीच्या 'कुरिंजिप्पाट्टु' या काव्यात मुली वेचतात त्या नव्व्याण्णव फुलांची यादी आहे आणि तिच्यात पहिले नाव या कांदळाचे आहे. आज ते तमिळनाडूचे राज्यफूल आहे. तिकडे आफ्रिकेत झिंबाब्वेचे ते राष्ट्रीय फूल आहे. आणि लिनियसने १७५३ मध्ये त्याला शास्त्रीय नाव दिले ते 'ग्लोरिओसा सुपर्बा'. दोन्ही शब्दांत वैभव आणि थाट याखेरीज काही नाही. ज्या पाकळ्यांत तमिळ कवीला नाजूक बोटे दिसली आणि स्वीडनच्या पंडिताला वैभव दिसले, त्याच पाकळ्यांत आपल्याला घरातले भांडण दिसावे, याचा कधीतरी विचार व्हायला हवा.

आता मूळ मुद्द्याकडे येते. फुलाच्या बाबतीत दोन्ही अर्थ शाबूत आहेत, हे वर लिहिलेच आहे. पण हेच नाव बाईला लावले की त्यातला एक अर्थ गळून पडतो. बाईला कळलावी म्हटले म्हणजे तिने कुणाच्या कळा सोसल्या, कुणाची कळ हलकी केली, हे कुणाच्या मनात येत नाही. उरते ते फक्त भांडण. पुरुषाला कळलाव्या म्हणतात हे खरे. पण तो बहुतेक वेळा चेष्टेचा शब्द असतो, चावडीवर हसण्यावारी जातो. बाईला म्हटलेले कळलावी हसण्यावारी जात नाही. ते तिच्या घरात, तिच्या माहेरात, तिच्या मुलीच्या सोयरिकीपर्यंत तिच्यामागे जाते.

माझ्या चुलतीचे उदाहरण देते. एका साली पट्टा पडल्यावर ती आणि चुलते फडावरून परत आले. चुलतीने मुकादमाला एवढेच विचारले की, आमच्या कोयत्याची उचल किती होती, त्यातली किती फिटली आणि खाड्याचे किती कापले? ताप असताना दोन दिवस ती फडात गेली नव्हती, त्याचे पैसे जास्त कापले गेले आहेत, असा तिचा हिशोब होता. चुलती चौथी शिकलेली आहे, तिला बेरीज-वजाबाकी येते. मुकादमाने तिला उत्तर दिलेच नाही. तो चुलत्यांना म्हणाला, "ह्या बाईला आवर, लई कळलावी हाय." चुलत्यांनी मान खाली घातली आणि हिशोब तिथेच मिटला. पुढे कितीतरी दिवस भावकीत चुलतीचे तेच नाव झाले. तिने कुणाचे भांडण लावले होते? तिने आकडा विचारला होता. पण एका शब्दात आकड्याचे भांडण झाले आणि विचारणारी दोषी ठरली.

हा एकटीचा प्रश्न असता तर मी तो कॉलेजच्या अंकात मांडला नसता. २०१९ मध्ये आपल्या बीड जिल्ह्यातील ऊसतोड बायकांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न राज्यभर गाजला. सरकारने समिती नेमली, पाहणी झाली. सुमारे ८२ हजार बायकांची माहिती घेतली, त्यांत १३ हजारांहून अधिक जणींची पिशवी काढलेली आढळली. आमच्या भागातल्या बायका असे म्हणत नाहीत की मला फार दुखते. त्या म्हणतात, "कळ निघती जरा." आणि त्यांना सांगितले जाते, "कळ सोस, पट्टा पडू दे." जी सोसते ती गुणाची. जी बोलते, खाडा करते, दवाखान्यात न्या म्हणते, ती कळलावी. पाहा, इथे 'कळ' या शब्दाचे दोन्ही अर्थ कसे एकमेकांत अडकले आहेत! जिला कळ आहे तिने ती बोलून दाखवली की तिने कळ लावली असे होते. वेदना सांगणे हेच भांडण ठरते. माझ्या मते या शिवीची सारी ताकद या अदलाबदलीत आहे.

यावर एक उपाय सुचवला जातो. फुलाला 'अग्निशिखा' म्हणावे, कळलावी हे गावंढळ नाव सोडून द्यावे. अग्निशिखा हे नाव सुंदर आहे, जुनेही आहे, यात शंका नाही. परंतु ते फक्त रंग सांगते. त्यात आजीची मुळी नाही, अडलेली बाई नाही आणि धोक्याची सूचनाही नाही. शिवाय शिवी वाईट म्हणून नावच टाकायचे, तर मग शिवी देणारा तोच राहतो आणि जाते ते फक्त फुलाचे नाव. गावच्या माणसाने शहरात आल्यावर आपली बोली लपवावी, तसा हा प्रकार होईल. आमच्यासारख्या पहिल्यांदाच शिकायला आलेल्या मुलामुलींना हा मोह फार होतो, म्हणून मुद्दाम लिहिते.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. तो असा की, मुळीने कळा येतात ही अंधश्रद्धा आहे आणि अशा नावांचे कौतुक करणे म्हणजे तिला खतपाणी घालणे. यावर माझे म्हणणे स्पष्ट आहे. आज कुणीही या मुळीचा उपयोग बाळंतपणासाठी करू नये. ही वनस्पती मुळापासून बियांपर्यंत विषारी आहे. आयुर्वेदानेही तिला उपविषांत घातले आहे. तिच्यात कोल्चिसिन नावाचे द्रव्य असते. हेच द्रव्य डॉक्टर अगदी मोजक्या मात्रेत वातरक्तासाठी, म्हणजे गाऊटसाठी देतात आणि त्याच्या बियांसाठी तमिळनाडूत शेतकरी या वेलीची लागवड करतात. पण कंद पोटात गेला तर काही तासांत उलट्या-जुलाब सुरू होतात, पुढे शरीरातील एकेक अवयव निकामी होऊ शकतो, वाचलेल्या माणसाचेही काही दिवसांनी केस गळतात. रताळे समजून कंद खाल्ल्याने माणसे दगावल्याच्या नोंदी आहेत. तेव्हा नाव जपणे वेगळे आणि मुळी वापरणे वेगळे.

किंबहुना मला असे वाटते की, फूल घरात आणले तर भांडण लागते ही समजूत मुळात लेकरांना विषापासून दूर ठेवण्यासाठीच उपयोगी पडली असावी. रांगत्या पोराला कोल्चिसिन समजावून सांगता येत नाही. घरातल्या सुनेला भांडणाची भीती मात्र घालता येते. हा माझा तर्क आहे, कुणी खोडून काढला तर ऐकून घेईन. पण तो खरा असो वा नसो, त्या समजुतीने फूल घराबाहेर राहिले एवढे नक्की.

मग करायचे काय? मित्रहो, नुसती हळहळ व्यक्त करून लेख संपवणे मला पटत नाही. माझ्या दोन सूचना आहेत.

पहिली सूचना आपल्या राष्ट्रीय सेवा योजनेच्या हिवाळी शिबिराविषयी. दरवर्षी आपण एखाद्या गावी जाऊन रस्ता करतो, ओढ्यात बंधारा घालतो, भिंतींवर घोषणा लिहितो. हे चालू राहावेच. त्याच्या जोडीला प्रत्येकाने गावातल्या एका म्हाताऱ्या माणसाकडून, शक्यतो बाईकडून, दहा झाडाझुडपांची नावे लिहून आणावीत. नुसते नाव नको. ते का पडले असे ती सांगते, कशासाठी वापरत, काय टाळत, हेही लिहावे. वनस्पतीशास्त्राच्या प्राध्यापकांनी त्यापुढे शास्त्रीय नाव लिहावे आणि विषारी असेल तर तसे ठळक अक्षरांत लिहावे. डॉ. वि. ना. नाईक यांच्या 'फ्लोरा ऑफ मराठवाडा' या १९९८ च्या ग्रंथात आपल्या विभागातील वनस्पतींची शास्त्रीय नोंद आहेच. तिच्या शेजारी आपल्या आज्यांची नोंद बसली पाहिजे. हे काम लांबणीवर टाकण्यासारखे नाही. जेसीबीने बांध सपाट होत आहेत, तणनाशकाने जाळ्या जळत आहेत, आणि ज्यांना नावे ठाऊक आहेत ती माणसेही दरवर्षी कमी होत आहेत. बाभळीची जाळी गेली की कळलावीला चढायला आधार उरत नाही. आजी गेली की तिच्या दोन वाक्यांनाही उरत नाही.

दुसरी सूचना साधी आहे आणि तिला पैसा लागत नाही. आपल्या कट्ट्यावर, वसतिगृहात, एस.टी.च्या थांब्यावर एखाद्या मुलीला कुणी कळलावी म्हटले तर तिथल्या तिथे एकच प्रश्न विचारावा : "कोणती कळ?" तिने खरोखर दोघांत भांडण लावले आहे काय, की तिला काही दुखते आहे, की तिने फक्त हिशोब विचारला आहे? बहुतेक वेळा उत्तर देणाऱ्याला विचार करावा लागेल. मुलांनी हा प्रश्न विचारला तर अधिक बरे, कारण मुलीने विचारला की तीच पुन्हा कळलावी ठरते.

चुलतीच्या हिशोबाचे पैसे त्या साली मिळाले नाहीत. यंदा दिवाळीनंतर फडावर जाताना तिने माझ्याकडून एक वही मागून घेतली आहे. तीत ती रोजच्या मोळ्या आणि खाडे स्वतः लिहिणार आहे. तिला या वहीवरून पुन्हा कुणी कळलावी म्हटले, तर ते नाव त्या फुलाचे आहे आणि तमिळनाडूत त्याला राज्यफुलाचा मान आहे, हे मी तिला सांगून ठेवले आहे. तिने ते ऐकून घेतले आणि वहीला खाकी कागदाचे कव्हर घालून दे म्हणाली.